रुजू दिनांकाचा रकाना

जिल्हा परिषदेच्या शिक्षकांची सेवाज्येष्ठता यादी १ जानेवारीची स्थिती धरून तयार होते. आधी तात्पुरती यादी निघते, तिच्यावर हरकती मागवतात, मग अंतिम यादी प्रसिद्ध होते. केंद्राच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर पीडीएफ आली की मधल्या सुट्टीत प्रत्येक जण आधी स्वतःचं नाव शोधतो आणि लगेच वरची दोन नावं कोणाची हे बघतो. त्यात वावगं काही नाही. मुख्याध्यापक, केंद्रप्रमुख, विस्तार अधिकारी यांपैकी पदोन्नतीने भरायच्या जागांची वाट याच यादीतून जाते. समुपदेशनाच्या दिवशी कोणती शाळा निवडायची, हे विचारायला नावं पुकारतात तीही याच क्रमाने.

काही वर्षांपूर्वी आमच्या पंचायत समितीत हरकतींच्या पडताळणीला आस्थापना शाखेच्या मदतीला आम्ही काही शिक्षक बसलो होतो. टेबलावर सेवापुस्तकांचे गठ्ठे होते. पहिल्या पानावर जन्मतारीख अंकी आणि अक्षरी, ओळखीची खूण, बोटांचे ठसे. पुढे नियुक्ती आदेशाचा क्रमांक आणि रुजू दिनांक, तोही मध्यान्हपूर्व की मध्यान्होत्तर या तपशिलासह. प्रत्येक नोंदीखाली साहेबांची सही.

एका मॅडमचं नाव त्यांच्याबरोबर लागलेल्या शिक्षकांच्या कितीतरी खाली गेलं होतं. यादीत रुजू झाल्याचं वर्ष १९९९ पडलं होतं. आस्थापना शाखेच्या लिपिकांना त्या म्हणाल्या, “भाऊसाहेब, शेवटचा एक आहे, नऊ नाही.” सेवापुस्तकातली शाई फिकट झालेली, एकाचा आकडा खाली वळवून काढलेला. भाऊसाहेबांनी शांतपणे विचारलं, “मॅडम, मूळ आदेश आणि रुजू अहवाल आहे का?” मॅडमनी पिशवीतून फाइल काढली. घडीवर विरलेला आदेश, त्याला जोडलेला मुख्याध्यापकांच्या सहीचा रुजू अहवाल. वर्ष १९९१. आठ वर्षांची सेवा एका आकड्याने यादीतून गेली होती, ती त्या कागदाने परत आली. फाइल नसती तर मॅडमना ती सिद्ध करायला किती खेटे घालावे लागले असते!

एकाच दिवशी अनेक जण रुजू झाले असतील तर प्रश्न वाढतो. राज्य शासनाची ज्येष्ठता विनियमन नियमावली आधी १९८२ ची होती, आता २०२१ ची आहे. सरळसेवेने एकाच निवडीतून आलेल्यांत निवड यादीतला गुणानुक्रम बघतात. वरच्या क्रमांकाचा उमेदवार दिलेल्या मुदतीत चार दिवस उशिरा हजर झाला, म्हणून तो खाली जात नाही. गुणानुक्रमानेही निकाल लागत नसेल, तर वयाने मोठा तो ज्येष्ठ. म्हणून नुसत्या रुजू दिनांकावर यादी लावून चालत नाही. निवड यादी शेजारी ठेवावीच लागते.

महाराष्ट्रातल्याच अभियंत्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९० मध्ये सांगितलं की नियमाप्रमाणे नियुक्ती झाली असेल तर ज्येष्ठता नियुक्तीच्या दिवसापासून मोजायची, सेवेत कायम केल्याच्या दिवसापासून नाही. नियम डावलून केलेली तात्पुरती, वेळ मारून नेण्यापुरती नेमणूक मात्र त्यात धरायची नाही. आदेशातली ‘निव्वळ तात्पुरत्या स्वरूपात’ ही ओळ पंधरा वर्षांनी का बोचते, ते यावरून कळतं.

सगळ्यांत जड हरकती आंतरजिल्हा बदलीने आलेल्यांच्या असतात. प्राथमिक शिक्षकाचा संवर्ग जिल्ह्याचा. जिल्हा बदलला की नव्या जिल्ह्यात हजर झाल्याच्या तारखेपासून ज्येष्ठता सुरू होते. पगार टिकतो, निवृत्तिवेतनासाठी सेवा धरली जाते, पण यादीत नाव तळाशी. नवरा एका जिल्ह्यात, बायको दुसऱ्या, घरी आजारी आईवडील, म्हणून माणूस बदली मागतो आणि मागची सगळी ज्येष्ठता सोडतो. तिथे आधीपासून असलेल्यांवर अन्याय नको म्हणून हा नियम आहे, हे मला पटतं. पण अर्ज भरताना ही किंमत समोर बसवून समजावली गेली पाहिजे, असं मला मनापासून वाटतं. अनेकांना ती पहिली यादी निघाल्यावरच कळते.

आता नुसती ज्येष्ठता पुरणार नाही. १ सप्टेंबर २०२५ च्या निकालाने सर्वोच्च न्यायालयाने सेवेतल्या शिक्षकांनाही शिक्षक पात्रता परीक्षा (टीईटी) आवश्यक ठरवली. निवृत्तीला पाच वर्षांपेक्षा कमी काळ उरलेल्यांना परीक्षेशिवाय नोकरीत राहता येतं, पदोन्नती मात्र मिळत नाही. यादीत अगदी वर असलेल्या, पंचवीस-तीस वर्षं फळ्यासमोर काढलेल्या गुरुजींना हा निकाल लागतो.

कोण किती चांगलं शिकवतं हे ही यादी सांगत नाही आणि तिने सांगूही नये. तिचं काम एवढंच की साहेब बदलले, वशिला आला, तरी क्रम बदलू नये. त्यासाठी यादीतल्या प्रत्येक तारखेमागे कागद हवा. कार्यालयाने शेऱ्याच्या रकान्यात आदेश क्रमांक आणि गुणानुक्रम छापावा. निम्म्या हरकती तिथेच मिटतील. शिक्षकाने सेवापुस्तकाची दुय्यम प्रत दर वर्षी अद्ययावत करून घ्यावी आणि तात्पुरती यादी हरकतीच्या मुदतीतच वाचावी. अंतिम यादीवर सही झाल्यानंतर तीच चूक दुरुस्त करायला अपील आणि कोर्ट एवढेच रस्ते उरतात.