प्रश्न कुणाचा, संशोधन कुणाचे?

आरोग्य-संशोधनासाठी खेड्यात जाणाऱ्यांचा आपल्याकडे तोटा नाही. जीप येते, रक्ताचे नमुने घेतले जातात, फॉर्म भरले जातात आणि धुरळा खाली बसतो. त्या रक्तात पुढे काय सापडले, हे ते देणाऱ्याला क्वचितच कळते. शोधनिबंध छापून येतो, कुणाला पदवी मिळते; गावाच्या पदरात काय पडले, हे मात्र कुणी विचारीत नाही. लोकांवर केलेले संशोधन आणि लोकांसोबत केलेले संशोधन यांतला फरक इथेच सुरू होतो.

हा फरक समजून घ्यायचा तर गडचिरोलीकडे पाहावे. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांनी १९८६ साली तिथे ‘सर्च’ ही संस्था सुरू केली. सुरुवातीलाच त्यांनी सिकलसेल या आनुवंशिक रक्तदोषाची पाहणी केली. जिल्ह्यात हा दोष असल्याचे सिद्ध झाले. शास्त्रीयदृष्ट्या शोध महत्त्वाचा होता. पण लोकांना त्याचे फारसे काही वाटले नाही. कारण उत्तर खरे असले तरी प्रश्न त्यांनी विचारलेला नव्हता. ही गोष्ट डॉ. अभय बंग यांनीच पुढे मोकळेपणाने सांगितली आहे.

याउलट वसा आणि अमिर्झा या दोन गावांतले काम. डॉ. राणी बंग यांच्या पुढाकाराने तिथल्या ६५० स्त्रियांची तपासणी झाली. त्यांपैकी ९२ टक्के स्त्रियांना कोणता ना कोणता स्त्रीरोग होता आणि पूर्वी अशी तपासणी झालेल्या होत्या जेमतेम ८ टक्के! १९८९ साली ‘लॅन्सेट’मध्ये हे आकडे आले, तेव्हा ग्रामीण स्त्रीच्या आरोग्याचा विचार कुटुंबनियोजनापुरताच करणाऱ्यांचे डोळे उघडले. पण असे दुखणे बाई परक्या माणसाला सांगत नाही. आधी विश्वास, मग तपासणी, मग आकडा, असाच तो क्रम असतो. लोकसहभाग ही संशोधनाची शोभा नव्हे. त्याच्याशिवाय खरी माहितीच हाती लागत नाही.

पुढचे पाऊल नवजात बालकांचे. ३९ गावांत गावातल्याच बायकांना ‘आरोग्यदूत’ म्हणून शिकवले. बाळाचे वजन घेणे, त्याला ऊब देणे, जंतुसंसर्ग ओळखून इंजेक्शन देणे, हे सारे त्यांनी घरोघरी केले. हजार जन्मांमागे ६२च्या आसपास असलेले नवजात मृत्यू तीन वर्षांत २५च्या आसपास आले. १९९९ साली हे निष्कर्ष प्रसिद्ध झाले आणि २०११पासून ‘आशा’ कार्यकर्त्यांमार्फत अशा गृहभेटी देशभर सुरू झाल्या.

पण अडचणीही आहेत. याच अभ्यासात तुलनेसाठी ४७ गावे होती. तिथे नेहमीच्या सेवा चालू होत्या, नवी पद्धत नव्हती. तुलना केल्याशिवाय पुरावा नाही, हे शास्त्राला पटते; पण तिथल्या आईला ते कसे समजवायचे? दुसरी अडचण अशी की, गाव म्हणजे कोण? सरपंचाने होकार दिला म्हणजे सुनेने दिला, असे होत नाही.

संमतीचा देखावा झाला तर काय होते, हे २००९ साली सुरू झालेल्या एका प्रकल्पात दिसले. तेव्हाच्या आंध्र प्रदेशातील खम्मम आणि गुजरातेतील वडोदरा जिल्ह्यांत मुलींना गर्भाशयमुखाच्या कर्करोगाविरुद्धची लस देण्यात येत होती. खम्मममधल्या वसतिगृहांतील अनेक मुलींच्या संमतिपत्रांवर आईबापांऐवजी वसतिगृहप्रमुखांच्या सह्या निघाल्या. २०१० साली प्रकल्प थांबला. २०१३ साली संसदीय समितीने त्यावर कडक ताशेरे ओढले. लस निरुपयोगी नव्हती. जगभर ती आजही दिली जाते. पण माणसांना न विचारता चांगली गोष्ट दिली तरी तिच्यावरचा विश्वास उडतो आणि तो परत मिळवायला वर्षे जातात.

लोकसहभागाला वेळ लागतो, पैसा लागतो आणि संशोधकाला आपला आवडता विषय कधीकधी बाजूला ठेवावा लागतो. अनुदान देणाऱ्या संस्थांच्या तक्त्यात यासाठी रकाना नसतो. तो आता असायला हवा. निदान एवढे तरी व्हावे की, ज्या गावातून रक्त नेले त्या गावात निष्कर्ष परत यावेत, तेही गावाच्या बोलीत. रक्त देणाऱ्याचा तेवढा हक्क नक्कीच आहे.