वर्धाकाठची १८१८ची मोहीम

अल्लीपूर हे गाव ज्या हिंगणघाट तालुक्यात आहे तो वर्धा नदीच्या पूर्वेचा प्रदेश १८१८च्या एप्रिलमध्ये इंग्रज-मराठा संघर्षाच्या अखेरच्या मोठ्या मोहिमेत ओढला गेला होता; तथापि पेशवाईच्या अस्ताचे वर्णन आष्टीच्या रणांगणावरच आटोपते घेण्याच्या प्रघातामुळे या भागाच्या वाट्याला इतिहासात जेमतेम एखादी ओळ येते, आणि हे निश्चितच अन्यायाचे आहे.

१७७५ पासून मधूनमधून पेटणाऱ्या या संघर्षात गव्हर्नर जनरल लॉर्ड हेस्टिंग्ज याने १८१७ मध्ये एक लाखाहून अधिक सैन्य उभे केले. पेंढाऱ्यांचा, म्हणजे लुटीवर जगणाऱ्या घोडेस्वार टोळ्यांचा, बंदोबस्त हा त्याचा जाहीर हेतू होता; परंतु खडकी, सीताबर्डी आणि महिदपूर येथील लढायांनंतर मोहिमेचा सारा रोख मराठी सत्तांकडे वळला.

२० फेब्रुवारी १८१८ रोजी आष्टी येथे पेशव्यांचे सेनापती बापू गोखले पडले, तरी पेशवा दुसऱ्या बाजीरावाजवळ घोडदळ शिल्लक होते आणि नागपूरकर भोसल्यांची साथ मिळवण्यासाठी तो चांद्याच्या, म्हणजे आजच्या चंद्रपूरच्या, रोखाने निघाला. मार्चमध्ये इंग्रजांनी अप्पासाहेब भोसल्यांना कैद केल्याने ती आशा क्षीण झालीच होती. वर्धा नदी ही १८०३ च्या देवगावच्या तहाने ठरलेली भोसल्यांच्या राज्याची पश्चिम सीमा; उन्हाळ्यात तिचे पात्र ओलांडणे अवघड नसते, म्हणूनच पलीकडे जाण्याच्या वाटा रोखणे हे इंग्रजांचे मुख्य काम ठरले. ते नागपूरहून आलेल्या कर्नल स्कॉटच्या तुकडीने केले, कर्नल अ‍ॅडम्सने हिंगणघाटास तळ दिला आणि पश्चिमेकडून जनरल डव्हटनचा पाठलाग चालू राहिला.

तीन फौजांच्या कोंडीत सापडलेल्या पेशव्यावर १७ एप्रिल रोजी पांढरकवड्याजवळ शिवणी येथे अ‍ॅडम्सने घोडदळ आणि घोडतोफखान्यानिशी, म्हणजे घोडेस्वारांच्या वेगाने हलवता येणाऱ्या तोफांनिशी, हल्ला केला. बाजीराव निसटला खरा, परंतु त्याच्या तोफा शत्रूच्या हाती पडल्या आणि सैन्याची पांगापांग झाली. पूर्वेची वाट कायमची बंद झाल्याने प्रस्तुत मोहिमेत आष्टीइतकेच महत्त्व या दिवसाला द्यावे लागते. २० मे रोजी, तटाला खिंडार पाडून, अ‍ॅडम्सच्या फौजेने चांद्याचा किल्ला घेतला, आणि ३ जून रोजी बाजीराव सर जॉन माल्कम याच्या स्वाधीन झाला.