मोजणीबाहेरची माणसे

२००० सालच्या वसंतातली गोष्ट. आमच्या अपार्टमेंटचे दार एका बाईंनी ठोठावले. गळ्यात सेन्सस ब्युरोचे ओळखपत्र आणि हातात लॅपटॉप. दर दहा वर्षांनी होणारी शिरगणती त्या सुमारास चालू होती, म्हणून मी म्हटले, "आम्ही फॉर्म केव्हाच भरून पाठवला." बाई हसल्या. ही ती शिरगणती नव्हे, दर महिन्याला होणारी वेगळी पाहणी आहे आणि तुमचे घर नमुन्यात निवडले गेले आहे, असे त्यांनी सांगितले. हे कामावर गेले होते, मुलगा शाळेत. मी बाईंना बसवले, चहा ठेवला आणि त्यांच्या प्रश्नांना उत्तरे देऊ लागले.

गेल्या आठवड्यात पैशासाठी काही काम केलेत का? नाही. गेल्या चार आठवड्यांत काम शोधलेत का? नाही. सध्या तुम्हाला नोकरी हवी आहे का?

या तिसऱ्या प्रश्नाशी मी अडखळले. पुण्याला अकरा वर्षे मी बँकेत नोकरी केली होती. १९९८ साली ह्यांच्यापाठोपाठ एच-४ व्हिसावर इथे आले. त्या व्हिसावर राहायची मुभा होती, काम करायची नव्हती. "हवी तर आहे," मी म्हटले. बाईंनी ते टिपून घेतले आणि पुढच्या प्रश्नाकडे वळल्या.

नंतर बातम्यांत ऐकले की देशातली बेकारी ४ टक्क्यांच्या आसपास, म्हणजे तीस वर्षांतल्या नीचांकावर आली आहे. मी ह्यांना विचारले, "मग मी त्या चार टक्क्यांत आहे की उरलेल्या शहाण्णवांत?" ह्यांना सांगता येईना. मलाही पुष्कळ दिवस कळले नव्हते. उत्तर असे की मी दोन्हींत नव्हते. ते कसे, हे समजावून सांगण्यासाठी आजचा हा लेख.

महिन्याच्या साधारण पहिल्या शुक्रवारी या देशाच्या रोजगाराचे आकडे जाहीर होतात. बेकारीचा आकडा ज्या पाहणीतून निघतो, ती सेन्सस ब्युरो कामगार खात्याच्या ब्युरो ऑफ लेबर स्टॅटिस्टिक्ससाठी करतो. तिची सुरुवात १९४० साली, महामंदीच्या अखेरीस झाली. दरमहा सुमारे ६०,००० घरे निवडतात. एकदा निवडलेल्या घराला चार महिने प्रश्न विचारतात, आठ महिने सुट्टी देतात आणि पुन्हा चार महिने विचारतात. सोळा वर्षे पूर्ण झालेल्या प्रत्येकाची गणना होते; लष्करातले, तुरुंगातले आणि वृद्धाश्रमांसारख्या संस्थांत राहणारे वगळले जातात. कोणत्या देशात जन्मलात, नागरिक आहात का, हे विचारतात; व्हिसा कोणता, हे विचारत नाहीत.

या सर्वांचे तीन कप्पे करतात. त्या आठवड्यात मोबदला घेऊन एक तास जरी काम केले असेल, तरी माणूस पहिल्या कप्प्यात, 'रोजगारात'. घरच्या दुकानात वा शेतावर बिनपगारी राबणाऱ्याला मात्र किमान पंधरा तास भरावे लागतात. काम नाही, पण मिळाल्यास करायला मोकळा आहे आणि गेल्या चार आठवड्यांत खटपट केली आहे, तो दुसऱ्या कप्प्यात, 'बेकार'. हे दोन कप्पे मिळून देशाची श्रमशक्ती होते. बाकी सारे तिसऱ्या कप्प्यात, 'श्रमशक्तीबाहेर'. त्यात निवृत्त आले, विद्यार्थी आले, आजारी आले, गृहिणी आल्या, आणि मी आले. रविवारी मंडळाच्या मराठी शाळेत मी दोन तास शिकवीत असे. पण ते काम विनामूल्य असल्याने हिशेबात धरण्याचा प्रश्नच नव्हता.

आता खरी मेख पाहा. बेकारीचा दर काढताना बेकारांना साऱ्या लोकसंख्येने भागत नाहीत, श्रमशक्तीने भागतात. समजा, गावात शंभर प्रौढ माणसे आहेत. साठ जण कामावर आहेत, सहा जण काम शोधताहेत. श्रमशक्ती झाली ६६ आणि बेकारी ९.१ टक्के. पुढच्या महिन्यात त्या सहांतले तिघे कंटाळून शोध सोडून देतात. श्रमशक्ती उरली ६३, बेकार तीन, आणि बेकारी ४.८ टक्के! एकालाही नवी नोकरी मिळाली नाही, तरी बेकारी जवळजवळ निम्म्यावर आली. म्हणून जाणकार आणखी दोन आकडे पाहतात. शंभरांतले किती जण श्रमशक्तीत आहेत, तो सहभागाचा दर. आमच्या गावात तो ६६ वरून ६३ वर घसरला. आणि शंभरांतले किती जण प्रत्यक्ष कामावर आहेत, ते रोजगाराचे प्रमाण. ते साठावरच राहिले. तिन्ही आकडे शेजारी ठेवले, की मग गावाची खरी प्रकृती कळते.

या देशाची गेल्या पाऊणशे वर्षांची गोष्ट सहभागाच्या दरात नीट वाचता येते. १९४८ साली शंभर पुरुषांपैकी सुमारे ८७ श्रमशक्तीत होते आणि शंभर बायकांपैकी सुमारे ३३. पुढे पुरुषांचा आकडा हळूहळू उतरत गेला आणि बायकांचा भराभर चढत गेला. १९९९ साली बायकांचे प्रमाण ६० टक्क्यांवर पोहोचले. बायकांच्या या चढणीने पुरुषांची उतरण झाकली आणि एकूण दर २००० सालच्या आरंभी ६७.३ टक्के झाला. हा आजवरचा उच्चांक. म्हणजे ज्या वसंतात मी त्या बाईंना चहा देत होते, तेव्हा या देशातली माणसे इतिहासात कधी नव्हती इतक्या प्रमाणात श्रमशक्तीत होती!

गृहिणीकडे पाहण्याची पाहणीची नजरही काळाप्रमाणे बदलली आहे. १९९४ सालापर्यंत पहिला प्रश्न असा असे, की गेला आठवडाभर तुम्ही मुख्यतः काय करीत होतात? त्यात समोरचा माणूस पाहून शब्द बदलण्याची मुभा होती. पुरुषाला विचारायचे, काम करीत होतात का; आणि घरातल्या बाईला, घर सांभाळीत होतात का? साहजिकच एखादी बाई करीत असलेले थोडेथोडके पगारी काम निसटून जाई. १९९४ साली प्रश्नावली नव्याने आखली आणि सर्वांना एकच प्रश्न विचारू लागले.

२००० नंतर दर उतरणीला लागला. त्याचे कारण एक नाही. दुसऱ्या महायुद्धानंतर, १९४६ ते १९६४ या काळात जन्मलेली मोठी पिढी म्हातारी होत चालली होती. त्यातले सर्वांत वडील २००८ साली ६२ वर्षांचे झाले, म्हणजे सोशल सिक्युरिटीचे पैसे कमी रकमेने का होईना, सुरू करता येण्याच्या वयाचे. दुसरे कारण कारखान्यांचे. २००० साली कारखानदारीत १ कोटी ७० लाखांहून अधिक नोकऱ्या होत्या. २०१० च्या सुरुवातीला त्या सुमारे १ कोटी १५ लाख उरल्या. पंचवीस ते चोपन्न या भर उमेदीच्या वयातले पुरुष १९५० च्या दशकात शंभरांत ९७ श्रमशक्तीत असत; आता ८९ च्या आसपास असतात. तिसरे कारण मुलांचे. १९७९ साली सोळा ते एकोणीस वयाची शंभरांतली ५८ मुले श्रमशक्तीत होती. अलीकडे हा आकडा ३६-३७ आहे. यातला आमचा वाटा मी कबूल करते. मुलगा सोळा वर्षांचा झाला, तेव्हा त्याने वाण्याच्या दुकानात काम करायची इच्छा दाखवली होती. "त्यापेक्षा सुट्टीत एसएटीचा अभ्यास कर," असे आम्हीच त्याला सांगितले. आपल्या किती घरांत हेच वाक्य उच्चारले गेले असेल!

आता पुन्हा आमच्या घरी येऊ. २००५ साली ग्रीनकार्डाच्या अर्जाबरोबर मला कामाचा परवाना मिळाला. सात वर्षांची खंड पडलेली, पुण्याचा अनुभव कुणाला कळत नव्हता. एका लहान कचेरीत हिशेबनीस म्हणून सुरुवात केली. आणि २००९ साली ह्यांची नोकरी गेली. पहिले आठ महिने हे रोज अर्ज पाठवीत. सरकारी हिशेबात 'बेकार' होते. मग पुढे एक दिवस अर्ज पाठवणे थांबले. "थोडे दिवस राहू दे," एवढेच म्हणाले. घर रंगवून काढले, बाग केली. त्यांना काम मिळाले नव्हते, पण बेकारांच्या यादीतून नाव गेले होते. तेव्हा मला त्या चहाच्या दुपारची आठवण झाली. नऊ वर्षांपूर्वी माझी जी जागा होती, तिथेच आता हे येऊन बसले होते.

असे हे एकटे नव्हते. ऑक्टोबर २००९ मध्ये बेकारी १० टक्के होती. ऑक्टोबर २०१५ मध्ये ती ५ टक्क्यांवर आली. ऐकायला निम्मी. पण त्याच सहा वर्षांत सहभागाचा दर सुमारे ६५ वरून ६२.५ वर घसरला आणि रोजगाराचे प्रमाण ५८.५ वरून जेमतेम ५९ च्या वर गेले. यात लबाडी होती असे मुळीच नाही. अध्यक्षांच्या आर्थिक सल्लागार मंडळाने २०१४ साली हिशेब मांडला, तेव्हा २००७ अखेरपासूनच्या घसरणीपैकी सुमारे निम्मी लोकसंख्येच्या वाढत्या वयामुळे असल्याचे म्हटले. पण उरलेल्या निम्म्यात आमच्यासारखी कितीतरी घरे होती.

कोविडच्या साथीत, एप्रिल २०२० मध्ये, सहभागाचा दर ६० च्या आसपास कोसळला आणि बेकारी १४.८ टक्क्यांवर गेली. त्यानंतरची सुधारणा वेगाने झाली. २०२४ साली भर उमेदीच्या वयातल्या बायकांचा सहभाग ७८ टक्क्यांच्या वर गेला, तोवरचा सर्वांत जास्त. एकूण दर मात्र ६३ च्या आतबाहेरच आहे, कारण आमच्या वयाची माणसे निवृत्त होत आहेत. हेही आता त्यांतलेच. या वेळी मात्र खुशीने.

भारतातले आकडे वाचताना हीच सावधगिरी बाळगावी. तिथल्या वार्षिक पाहणीत पंधरा वर्षांवरील स्त्रियांचा सहभाग २०१७-१८ मध्ये २३.३ टक्के होता. २०२३-२४ मध्ये तो ४१.७ झाला. यातली बरीच वाढ खेड्यांतली आणि घरच्या शेतीधंद्यातली आहे. त्यात बिनपगारी हात लावणाऱ्याही आल्या. सातारा जिल्ह्यातल्या माझ्या मावशीने जन्मभर म्हशी राखल्या आणि डेअरीला दूध घातले. तिला कुणी विचारले तर ती म्हणे, "मी काय, घरीच असते!" विचारणाऱ्याने तेवढ्यावर लिहून घेतले, तर ती श्रमशक्तीबाहेर, आणखी दोन प्रश्न विचारले, तर श्रमशक्तीत. बाई तीच, म्हशी त्याच.

२६ मे २०१५ पासून, ग्रीनकार्डाचे प्रकरण ठराविक टप्प्यापर्यंत पोहोचलेल्यांच्या एच-४ वरील जोडीदारांना कामाचा परवाना मागता येऊ लागला. माझ्या वेळी ही सोय नव्हती. तरी त्या टप्प्याच्या अलीकडे थांबलेल्या मुली मला मंडळाच्या हळदीकुंकवाला भेटतात. कुणी दंतवैद्य, कुणी इंजिनिअर. "काय करतेस?" असे विचारले की खाली पाहून "काही नाही" म्हणतात.

त्यांना एवढेच सांगावेसे वाटते. त्या बाईंच्या लॅपटॉपमध्ये तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर खरोखरच साठवले जात होते. श्रमशक्तीबाहेर असूनही 'मला काम हवे आहे' म्हणणाऱ्यांचा आकडा बेकारीच्या आकड्याबरोबरच दरमहा छापला जातो. २०२४ साली ती माणसे पन्नास लाखांहून अधिक होती. मथळ्यात तो येत नाही, आतल्या तक्त्यात असतो. तेव्हा दारावर कुणी पाहणीला आले, तर "काही नाही" म्हणून दार लावू नका. चहा द्या, आणि हवी असेल तर "हवी आहे" असे स्पष्ट सांगा.