खारबांधाआडचे गाव

‘तुझे गाव कोणते?’ असे महाविद्यालयात कोणी विचारले की मी गावाचे नाव सांगतो. त्यावर पुढचा प्रश्न ठरलेला असतो, ‘म्हणजे कोणते सेक्टर?’ नवी मुंबईतल्या आम्हा गावकऱ्यांची ही नेहमीचीच अडचण. १९७० साली सिडकोची स्थापना झाली आणि ठाणे, पनवेल व उरण या तीन तालुक्यांतील ९५ गावांच्या जमिनीवर हे शहर वसू लागले. त्या जमिनीवर त्याआधी काय चालत होते, हे माझ्या वर्गमित्रांना माहीत नाही. खरे सांगायचे तर मलाही ते आजीच्या तोंडून ऐकूनच माहीत. म्हणून हा लेख.

आमच्या गावाला खाडी इतकी जवळ की भरतीचे पाणी शेतात यायचेच. ते अडवण्यासाठी पूर्वजांनी चिखल-दगडांचा खारबांध घातला. बांधात जागोजागी लाकडी दाराची उघाडी असे. भरतीच्या पाण्याच्या दाबाने तिचे दार आपोआप मिटे, आणि ओहोटी लागली की शेतातल्या पावसाच्या पाण्याच्या रेट्याने उघडे. पहिल्या पावसाने जमिनीतला खार धुऊन जाई. मग मोड आणलेले भात चिखलात फेकून पेरणी करीत. वर्षाला पीक एकच. पावसाळा सरला की अनेकांचे पाय मिठागराकडे वळत आणि मे महिन्यापर्यंत तिथे मीठ पिके. आगरी हे नाव या ‘आगरा’वरूनच पडले, असे मानतात.

या शेतीतली खरी गोम बांधात होती. एखाद्या खेकड्याच्या बिळातून उधाणाचे पाणी शिरे आणि बघता बघता बांधाला खांड पडे. खारे पाणी शिरले की त्या वर्षीचे पीक तर बुडेच, पण पुढची दोन-तीन वर्षेही जमीन नीट पिकत नसे. आणि पाणी काही सातबारा पाहून शिरत नाही! खांड कोणाच्याही शेताशी पडो, नुकसान साऱ्यांचेच. म्हणून हाक आली की रात्री-अपरात्री प्रत्येक घरातला माणूस पेंढा, चिखल, दगड घेऊन धावे. ज्याच्याशी बोलणे बंद, त्याच्याच हातातली पाटी आपल्या हातात घ्यावी लागे. माझ्या मते आमच्या गावच्या संस्कृतीचे मूळ या पाटीत आहे.

लग्नातही तीच रीत. हळदीच्या घरी साऱ्या आळीच्या बायका तांदळाच्या भाकऱ्या थापायला जमत. धवलारीण धवले गाऊन देवांना आमंत्रण देई आणि एकेक विधी पार पाडी. तिच्यापाशी पोथी नसते, सारे तोंडपाठ.

पुढे शेते संपादनात गेली. योग्य मोबदल्यासाठी दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली शेतकरी उभे राहिले. १६ आणि १७ जानेवारी १९८४ रोजी उरण तालुक्यात गोळीबार झाला आणि पाच जण हुतात्मा झाले. साडेबारा टक्के विकसित भूखंडाची योजना त्या लढ्यातूनच आली. खांडीवर धावणारी माणसेच त्या रस्त्यावर धावली, असे आजी म्हणते.

आता आमच्याकडे खांड पडत नाही, कारण शेतच नाही. गेल्या वर्षी चुलतबहिणीच्या हळदीला डीजे लावायची घाई होती, म्हणून धवलारणीला पंधरा मिनिटांत आटोपायला सांगितले. सांगणाऱ्यांत मीही होतो. आजी त्या रात्री कोणाशी बोलली नाही.

दुसऱ्या दिवशी मी वही घेऊन धवलारणीकडे गेलो. तिला काही आठवेना. नुसते बसून धवला येत नाही, हात कामात हवेत, असे तिचे म्हणणे. शेवटी आजीने पाट मांडला, तांदूळ-हळद आणली आणि नवरा म्हणून मलाच पाटावर बसवले! म्हातारी तासभर गायली. माझे हात हळदीने भरलेले, त्यामुळे वही धाकट्या बहिणीने लिहिली. अकरा पाने झाली. त्यांतल्या कितीतरी शब्दांपुढे आम्ही प्रश्नचिन्हे घातली आहेत. काहींचा अर्थ आजीने सांगितला, काहींचा तिलाही आठवला नाही.

आपल्या महाविद्यालयात या ९५ गावांपैकी अनेक गावांची मुले-मुली शिकतात. त्यांना माझी विनंती आहे की या सुट्टीत आपापल्या आजीपाशी एक वही घेऊन बसावे. माझ्या वहीतल्या एखाद्या प्रश्नचिन्हाचे उत्तर त्यांच्या घरी असेल. प्राध्यापकांनी मनावर घेतले तर या वह्या ग्रंथालयात एकत्र ठेवता येतील. बांध एकट्याने बांधला जात नाही, हे तर आपल्या पूर्वजांनीच शिकवले आहे.