मालक, जकात आणि हिशेब : इस्लामची तोंडओळख

मागच्या व्याख्यानानंतर एका तरुण श्रोत्याने आम्हांला गाठलं आणि म्हणाला, "सर, शेजारी मुसलमान कुटुंब आहे. ईदला त्यांच्याकडून शिरखुर्मा येतो, दिवाळीला आमचा फराळ जातो. पण ती माणसं नेमकं काय मानतात, असं कुणी विचारलं तर मला सांगता येणार नाही." प्रश्न प्रामाणिक होता. आम्ही आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवलं, तरी बरीच वर्षं आमचीही अवस्था तीच होती. म्हणून आज आमच्याच फजितीपासून सुरुवात करू.

मोहन्यात आमच्या शेजारी एक गृहस्थ राहत. मूळचे रत्नागिरीकडचे, कोकणी मुसलमान, एनआरसीच्या रेयॉन कारखान्यातून निवृत्त झालेले. निवृत्तीला वर्ष झालं असेल. रमजानच्या दिवसांत ते बँकेचं पासबुक घेऊन आले आणि म्हणाले, "सर, जकातीचा हिशेब बघून द्या." आम्ही हसलो. त्या काळी जकात म्हटलं की आपल्याला नाका आठवायचा, रांगेत उभे ट्रक आठवायचे. आम्ही म्हटलं, "भाई, कोणता माल आणलात?" तेही हसले आणि मग शांतपणे समजावून सांगू लागले. वर्षभर शिल्लक राहिलेल्या पैशांवर शेकडा अडीच. शिल्लक होती चार लाख, म्हणजे दहा हजार रुपये. घरात मुलीचं लग्न ठरलेलं. आम्ही म्हटलं, "यंदा राहू द्या. तुमची अडचण देवाला कळत नाही का?" ते म्हणाले, "सर, ते दहा हजार माझे नाहीतच. माझ्याकडे ठेवलेत, एवढंच."

या एका वाक्यात इस्लामचा गाभा आहे, हे आम्हांला पुढे वाचन करताना कळलं.

बघा, मालक, जकात आणि हिशेब हे तिन्ही शब्द आपण रोज वापरतो आणि तिन्ही मूळचे अरबी आहेत. आपल्याकडे येताना ते घरमालक, जकात नाका आणि वाण्याचा हिशेब झाले. मूळ जागी त्यांचा अर्थ काय, एवढं पाहिलं तरी दार बरंचसं उघडतं.

आधी मालक. इस्लामची पहिली श्रद्धा ही की ईश्वर एकच आहे आणि सृष्टीचा खरा मालक तोच. त्याला भागीदार नाही, रूप नाही, संतती नाही. याला म्हणतात तौहीद. आपण ज्याला आपलं म्हणतो, ते शरीर, वेळ, पैसा, सगळं त्याची ठेव. इस्लाम या शब्दाचा अर्थच स्वतःला त्याच्या स्वाधीन करणं. मुहंमद पैगंबरांचा जन्म मक्केत इसवी सन ५७०च्या सुमारास झाला आणि ६३२ साली मदिनेत ते निवर्तले. इथे मराठी माणसाची एक गल्लत होते, ती सांगतो. पैगंबर म्हणजे अवतार नव्हे. पैगंबर म्हणजे निरोप आणणारा माणूस. मुसलमान त्यांच्याविषयी अपार आदर बाळगतात, पण त्यांची पूजा करत नाहीत. मूसा आणि ईसा, म्हणजे मोझेस आणि येशू, हेही त्यांच्या लेखी पैगंबरच. मुहंमद हे शेवटचे.

आता पाच स्तंभ. पाठ करायची यादी म्हणून ते लक्षात राहत नाहीत. ठेवीतला वाटा परत करण्याच्या रीती म्हणून पाहा. पहिला शहादा, म्हणजे साक्ष : उपास्य एकच आणि मुहंमद त्याचे प्रेषित, हे मनापासून कबूल करणं. म्हणजे मालक कोण, हे आधी मान्य करायचं. दुसरा नमाज : वेळेचा वाटा. पहाट, दुपार, दुपार कलल्यावर, सूर्यास्तानंतर आणि रात्री, दिवसातून पाच वेळा मक्केतल्या काब्याकडे तोंड करून. आपल्याकडून ती दिशा पश्चिम. तिसरा रोजा : शरीराचा वाटा. पहाट फुटल्यापासून सूर्यास्तापर्यंत अन्न नाही, पाण्याचा घोटही नाही. आजारी माणसाला आणि प्रवाशाला मात्र सवलत आहे. चौथी जकात : पैशाचा वाटा. पाचवा हज, ऐपत आणि प्रकृती असेल तर आयुष्यात एकदा. तिथे पुरुष दोन न शिवलेली वस्त्रं अंगावर घेतात. शेठ कोण आणि हमाल कोण, कपड्यांवरून कळत नाही. आणि प्रत्येक कृतीआधी लागते ती नियत, म्हणजे हेतू. नियत नसेल तर दिवसभर उपाशी राहिलात तरी तो रोजा होत नाही, बरं का!

जकातीचं थोडं अधिक सांगतो. शिल्लक एका मर्यादेच्या वर असेल तरच ती लागते. त्या मर्यादेला निसाब म्हणतात : सुमारे साडेसत्त्याऐंशी ग्रॅम सोनं किंवा सुमारे ६१२ ग्रॅम चांदी, यांच्या किमतीइतकी. ती कुणाला द्यायची याचे आठ वर्ग कुराणात सांगितले आहेत. त्यांत गरीब आहेत, कर्जात बुडालेला आहे, वाटेत अडकलेला मुसाफिर आहे. आपल्या आईवडिलांना किंवा मुलांना ती देता येत नाही, कारण त्यांना पोसणं हे कर्तव्यच आहे.

तिसरा शब्द हिशेब. मुसलमान मानतो की एक दिवस सगळ्यांना पुन्हा उठवलं जाईल आणि प्रत्येकाला आपल्या कर्मांचा जाब द्यावा लागेल. त्या दिवसाला अरबीत हिशेबाचा दिवस असंही म्हणतात. देवदूत, ईश्वरी ग्रंथ, पैगंबर, अखेरचा दिवस आणि नियती यांवरची श्रद्धा या एकाच धाग्यात ओवलेली आहे. पुनर्जन्म नाही, त्यामुळे संधी एकच. आपल्या कर्मसिद्धान्ताहून हा वेगळा विचार आहे. दोन्ही एकच आहेत असं म्हणून सोपं करू नये.

आता परंपरा. सगळे मुसलमान एकसारखे, ही दुसरी गल्लत. पैगंबरांनंतर नेतृत्व कुणाचं, या प्रश्नातून सुन्नी आणि शिया या धारा निघाल्या. ६८० साली करबला इथे पैगंबरांचे नातू हुसैन मारले गेले, त्याची आठवण म्हणजे मोहरम. सुन्नींतही विधींचे चार संप्रदाय आहेत. भारतात बहुसंख्य हनफी, पण आपले कोकणी मुसलमान शाफई, कारण त्यांचा संबंध अरबस्तानशी समुद्रमार्गे आला. फरक कुठे दिसतो? दुपार कलल्यावरच्या, असरच्या नमाजात. शाफईंची वेळ सावली वस्तूएवढी लांबली की सुरू होते, हनफींची ती दुप्पट झाल्यावर.

पंचांगही वेगळं. वर्ष निव्वळ चांद्र, ३५४ किंवा ३५५ दिवसांचं. आपण अधिक महिना घालून ऋतूंशी मेळ राखतो, ते घालत नाहीत. म्हणून रमजान दरवर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे सरकतो आणि सुमारे तेहतीस वर्षांत सगळे ऋतू फिरून येतो.

आणि आपल्या कल्याणजवळचा मलंगगड? तिथली यात्रा माघी पौर्णिमेला, म्हणजे आपल्या पंचांगाने भरते आणि वहिवाट कल्याणच्या केतकर घराण्याकडे चालत आली. मग श्रोते विचारतात, मालक एकच, तर दर्गा कशाला? हा वाद मुसलमानांमध्येही आहे. काही म्हणतात, वलीच्या दारी जाणं म्हणजे त्याच्या वशिल्याने ईश्वराकडेच मागणं. काही म्हणतात, ही तौहीदशी प्रतारणा. तेव्हा दर्गा पाहून सगळा इस्लाम कळला असं समजू नका आणि दर्ग्यात जाणारा कच्चा मुसलमान, असंही ठरवू नका.

ओळख म्हणजे सहमती नव्हे, हेही सांगायला हवं. वारशात मुलीला मुलाच्या निम्मा वाटा का, असे प्रश्न मुसलमानांनीही विचारले आहेत. चिपळूणजवळच्या मिरजोळीचे हमीद दलवाई यांनी १९७० साली पुण्यात मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापन केलं, ते अशाच प्रश्नांसाठी. प्रश्न जरूर विचारावेत. पण समोरचा काय मानतो, हे आधी ठाऊक असावं.

आमच्या शेजाऱ्यांचं राहिलं. ते दहा हजार त्यांनी दिले. कुणाला, ते त्यांनी सांगितलं नाही, आम्हीही विचारलं नाही. मुलीचं लग्न झालं. पुढच्या रमजानात ते पुन्हा पासबुक घेऊन आले. आम्ही आकडे मांडले आणि म्हटलं, "भाई, शिल्लक निसाबच्या खाली आहे. यंदा काही लागत नाही." आम्हांला वाटलं, सुटल्यासारखं वाटेल त्यांना. पण त्यांचा चेहरा उतरला. पासबुक मिटता मिटता म्हणाले, "सर, पुन्हा एकदा बघता का?"

आम्ही पुन्हा बेरीज केली. या वेळी हसलो मात्र नाही.

आता तुमचे प्रश्न घेऊ.