सामान्य होण्याचा हक्क

तोक्योच्या हिबिया उद्यानातील खुल्या रंगमंचावर १७ जुलै १९७७ रोजी 'कँडीज' या तीन तरुण गायिकांनी अश्रू ढाळीत जाहीर केले, की त्यांना पुन्हा सामान्य मुली व्हायचे आहे. ऐन बहरातील कीर्तीचा असा त्याग का व्हावा?

या व्यवसायात व्यवस्थापन संस्था कोवळ्या वयाच्या मुलींवर भांडवल गुंतवते. त्यांचा वेश, वेळ आणि बहुधा खासगी आयुष्यही तीच ठरविते. कारकून राजीनामा लिहून मोकळा होतो. या मुलींना तो हजारो चाहत्यांसमोर मागावा लागला.

एप्रिल १९७८ मध्ये कोराकुएन स्टेडियमवर त्यांना भव्य निरोप मिळाला. तथापि १९८० मध्येच रान इतो व योशिको तानाका अभिनेत्री म्हणून परतल्या. उलट त्याच वर्षी, एकविसाव्या वर्षी निवृत्त झालेली गायिका मोमोए यामागुची विवाहानंतर रंगमंचावर कधीच परतली नाही.

यांपैकी कोणाचे चुकले? कोणाचेच नाही. तानाका यांनी पुढे हिरोशिमाच्या शोकांतिकेवरील १९८९ च्या चित्रपटात संस्मरणीय भूमिका केली. यामागुची यांनी संसार निवडला. श्रमाचे स्वातंत्र्य केवळ वेतनावर मोजता येत नाही. काम सोडण्याची आणि स्वेच्छेने पुन्हा स्वीकारण्याची मुभा हीच त्याची खरी कसोटी होय.