नऊ ओळींचा सोमवार

सकाळी सहा

चहाच्या आधी मेल उघडायचा नाही, हे ठरवून चार वर्षं झाली. सोमवारी तर ते कधीच पाळलं गेलेलं नाही. लिनस टॉरव्हाल्ड्स ओरेगनमध्ये राहतो आणि लिनक्स कर्नलची चाचणी आवृत्ती बहुधा रविवारी दुपारी सोडतो. तोवर पुण्यात सोमवारची पहाट झालेली असते. आज सहावी चाचणी आवृत्ती, आरसी-६, आली आहे. म्हणजे अजून एखाद-दोन आरसी, मग पक्की आवृत्ती, आणि लगेच पुढच्या आवृत्तीसाठी नवे बदल आत घेण्याची दोन आठवड्यांची मर्ज विंडो. ही गाडी साधारण नऊ-दहा आठवड्यांनी सुटते. माझ्या पॅचला, म्हणजे कोडमधल्या बदलाला, जागा मिळवायची, तर तो विंडो उघडण्याआधीच त्या भागाच्या मेंटेनरच्या ट्रीमध्ये बसलेला हवा.

पावणेसात

पॅचवर रात्रीतून उत्तर आलंय. रिव्ह्यू करणारा युरोपातला; तीन ओळी, नमस्कार-चमत्कार काही नाही. माझ्याच कोडच्या दोन ओळींच्या मधे त्याचा प्रश्न. इथे उत्तर असंच देतात, ज्या ओळीबद्दल बोलायचं तिच्या खाली. वरती उत्तर लिहून खाली अख्खं जुनं पत्र लोंबकळत ठेवलं, तर लोक चिडतात.

चूक माझीच आहे. तापमान मोजणाऱ्या एका चिपचा हा ड्रायव्हर. चिप सापडली की त्याचं ‘प्रोब’ फंक्शन क्लॉक सुरू करतं. पुढे काही बिनसलं तर तो बंद करायला हवा, आणि एका वाटेवर ते राहून गेलं होतं. दिवा चालू ठेवून घराबाहेर पडावं तसं. मी डेव्हएम कुळातलं फंक्शन वापरलं. त्याने सुरू केलेला क्लॉक ड्रायव्हर निघाला की कर्नल आपणहून बंद करतं. नऊ ओळींचा बदल, अगदी देखणा! पण ‘रिमूव्ह’मधली क्लॉक बंद करणारी जुनी ओळ मी तशीच ठेवली. आता तोच दिवा दोनदा बंद होणार आणि कर्नल लॉगमध्ये बोंब मारणार. ड्रायव्हर काढून पाहिलास का, एवढंच त्याने विचारलंय. नव्हता पाहिला. चढवून पाहिला होता.

चहा गार झाला.

दहा

ऑफिस. इथून पॅच पाठवता येत नाही, कारण कंपनीचा मेल सर्व्हर प्रत्येक पत्राखाली ‘हा मजकूर गोपनीय असून...’ असं शेपूट जोडतो. जगासमोर मांडलेल्या कोडखाली गोपनीयतेची ताकीद! असं पत्र मेंटेनर हात न लावता परत करतात, आणि त्यांचं बरोबर आहे. आयटी विभागाकडे दोनदा अर्ज केला. शेवटी साहेबांची परवानगी घेऊन स्वतःच्या पत्त्यावरून पाठवायला लागलो.

साडेअकरा

बोर्ड जोडला. ड्रायव्हर चढव, काढ, चढव, काढ. लॉगमध्ये इशारा आला, सकाळच्या त्या तीन ओळींनी सांगितला होता तस्साच. रिमूव्हमधली ओळ खोडली, पुन्हा वीस वेळा केलं. शांत. नऊच्या दहा ओळी झाल्या.

दीड

डब्याला इंटर्न शेजारी येऊन बसला. कर्नलच्या डॉक्युमेंटेशनमधली स्पेलिंगची एक चूक त्याने दुरुस्त केली आहे.

“दादा, मुख्य कर्नल लिस्टला नाव घालतो. म्हणजे सगळं कळत राहील ना?”

“काही कळणार नाही रे. दिवसाला शेकडो मेल येतात. दोन दिवसांत वाचणं सोडशील आणि तिसऱ्या दिवशी फिल्टर लावशील. डॉक्युमेंटेशनच्या लिस्टला नाव घाल. महिनाभर नुसतं वाच, कोण कशावर अडतं ते बघ. आणि पॅच पाठवायला नाव घातलेलंच हवं असं नाही. पाठव आजच.”

“सुरुवात ‘रिस्पेक्टेड सर’ने करू ना?”

“नको. नाव घेऊन ‘हाय’ म्हण, नाहीतर थेट मुद्द्यावर ये.”

त्याने मान हलवली. पटल्यासारखी वाटली नाही.

चार

कोड लिहायला वीस मिनिटं लागली होती. कोडबद्दल लिहायला दीड तास. विषयाची ओळ सत्तर-पंचाहत्तर अक्षरांत बसवायची. खाली काय बदललं यापेक्षा का बदललं ते सांगायचं, आणि तेही आज्ञार्थी: ‘दुरुस्त केलं’ नव्हे, ‘दुरुस्त कर’. चूक ज्या जुन्या बदलातून शिरली, त्याच्या हॅशची निदान बारा अक्षरं द्यायची. मग ‘साइन्ड-ऑफ-बाय’ आणि माझं नाव: हा कोड द्यायचा मला हक्क आहे, याची कबुली. एससीओ कंपनीने लिनक्समधल्या कोडच्या मालकीवरून कज्जे सुरू केल्यानंतर, 2004 मध्ये ही प्रथा आली. त्याखाली तीन आडव्या रेघा आणि पहिल्या खेपेपासून काय बदललं ते. रेघांखालचा हा मजकूर इतिहासात जात नाही, म्हणून तिथेच मी रिव्ह्यू करणाऱ्याचे आभार मानतो आणि ड्रायव्हर काढून पाहिला नव्हता, हेही लिहितो.

मला या सगळ्या कामात हाच भाग आवडतो. मराठी माध्यमात शिकलो. निबंधाला कधी दहापैकी सहाच्या वर गेलो नाही.

सात

घरी. चेकपॅच ही तपासणीची स्क्रिप्ट चालवली, एका जागी टॅबऐवजी स्पेस पडल्या होत्या. कर्नलमध्ये टॅब आठ अक्षरांचा, त्यावर वाद नाही. गेट-मेंटेनर स्क्रिप्टने कोणाकोणाला पाठवायचं त्याची यादी दिली. आधी स्वतःलाच पाठवून पाहिला, मग गिट सेंड-ईमेलने सोडला. मिनिटाभरात एक पत्र परत: मूळ ड्रायव्हर लिहिणाऱ्याचा पत्ता बंद झालाय. नेहमीचंच. लोक नोकऱ्या बदलतात, पत्ता फाइलीत तसाच राहतो.

साडेनऊ

सकाळच्या रिव्ह्यू करणाऱ्याचं ‘रिव्ह्यूड-बाय’ आलं, त्याच्या नावासकट. शब्द एक जास्त नाही. मेंटेनर अजून गप्प आहे. निदान आठवडाभर त्याला टोचायचं नसतं. पुढच्या मंगळवारची आठवण लावून ठेवली.

पावणेअकरा

फोन.

“दादा, मेल परत आला. एचटीएमएल चालत नाही म्हणे.”

“ब्राउझरमधून पाठवलास ना? तिथे टॅबचेही स्पेस होतात. सेंड-ईमेल सेट कर, मी सांगतो तसं.”

पाऊण तास गेला. मग सार्वजनिक संग्रहाचं पान दोघांनी आपापल्या घरी उघडून ठेवलं. तिसऱ्यांदा ताजं केल्यावर त्याचं नाव वर आलं. पॅच व्यवस्थित होता, टॅब जागच्या जागी. पहिली ओळ: ‘रिस्पेक्टेड सर’.